आणि त्यांची बायको?

डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात बायकोने मला मेसेज पाठवला. आम्ही घरातच होतो. ती स्वयंपाकघरात आणि मी बाहेरच्या खोलीत कानाला हेडफोन लावून मीटिंगमध्ये, म्हणून मेसेज. "चार दिवस. थंडी हवी, नदी हवी, जुनं गाव हवं. महाबळेश्वर नको. लॅपटॉप नको."

लग्नाला वर्ष होत आलं होतं आणि दोघंच असे आम्ही कुठे गेलो नव्हतो. लग्नानंतर कुलदैवताला गेलो, पण त्या गाडीत आठ माणसं होती. दिवाळीत गोरेगावला गेलो, तर मी माडीवर नेटवर्क शोधत फिरत होतो आणि ती खाली सासरच्या माणसांची नावं पाठ करत होती. त्यामुळे तिच्या चारही अटी मला एकदम मान्य होत्या.

मी लगेच कामाला लागलो, म्हणजे शीट उघडली. ओळीने गावं: मेणवली, महेश्वर, पैठण. चौथी ओळ रिकामी दिसत होती म्हणून तिथे नरसी लिहिलं. माझं गोरेगाव हिंगोली जिल्ह्यातलं, सेनगाव तालुक्यातलं. (मुंबईतलं नव्हे. हे आम्हाला जन्मभर सांगावं लागतं.) नरसी नामदेव आमच्याच जिल्ह्यात, कयाधू नदीच्या काठी. आपल्याच घराजवळच्या गावाला कोणी फिरायला जातं का? पण ओळ भरली.

पुढे रकाने केले: अंतर, खर्च, राहण्याची सोय, पाहण्यासारखं. शेवटच्या रकान्यात मी हौसेने इतिहास लिहीत गेलो. रात्री तिने शीट वाचली. मेणवलीच्या ओळीवर थांबून म्हणाली, "नाना फडणवीसांचा वाडा. छान. आणि त्यांची बायको?"

मी म्हटलं, "कितवी?"

तिने माझ्याकडे पाहिलं आणि शीटमध्ये स्वतःच एक रकाना वाढवला. त्याला नाव दिलं 'बायको'. तो रकाना भरता भरता आमची सहल बाजूला राहिली आणि हा लेख तयार झाला.

मेणवली

पुण्याहून पहाटे निघालं तर न्याहारीला वाई, आणि तिथून तीनेक किलोमीटरवर मेणवली. कृष्णेच्या काठी नानांचा वाडा, त्याच्या मागे नदीत उतरणारा दगडी घाट, घाटावर देवळं. तिथेच एक मोठी पोर्तुगीज घंटा टांगलेली आहे. चिमाजीअप्पांनी 1739 मध्ये वसई जिंकली, त्या मोहिमेतून ती इकडे आली. 2004 सालच्या 'स्वदेस'चं चित्रीकरण इथलंच. त्यामुळे हा घाट न पाहिलेल्यालाही पाहिल्यासारखा वाटतो.

आता रकाना. नाना फडणवीस, म्हणजे बाळाजी जनार्दन भानू, 1742 साली जन्मले. वयाच्या एकोणिसाव्या वर्षात ते सदाशिवरावभाऊंच्या सैन्याबरोबर उत्तरेत गेले. ते एकटे नव्हते, बरोबर आई होती आणि पत्नी होती. फौजेच्या संगतीने उत्तरेकडची तीर्थं व्हावीत हा हेतू. त्या काळी एवढा लांबचा प्रवास कुटुंबाने सुखरूप करायचा, तर मोठ्या लष्कराची सोबत हाच त्यातल्या त्यात बरा मार्ग होता. मुक्काम पडला पानिपतावर. 14 जानेवारी 1761 ला जे झालं ते आपण शाळेत वाचलंय. नाना कसेबसे निसटले. पत्नी वाचली आणि पुढे त्यांना भेटली. आई परत आली नाही. स्वतःच्या आयुष्याबद्दल नानांनी जे थोडंसं लिहून ठेवलं आहे, त्यात हा पळापळीचा भाग आहे.

म्हणजे मराठी इतिहासातल्या एका मोठ्या मुत्सद्द्याने तरुणपणी बायकोला बरोबर घेऊन केलेला प्रवास तो हा. नानांची पुढे बरीच लग्नं झाली, नऊ असं सांगतात. 1800 मध्ये नाना गेले तेव्हा मागे राहिलेली जिऊबाई अगदी लहान मुलगी होती. दुसरा बाजीराव आणि इंग्रज यांच्या राजकारणात नानांच्या दौलतीचं जे व्हायचं ते झालं, आणि अखेर मेणवली तिच्याकडे राहिली.

"म्हणजे आपण घाटावर चहा पीत बसायचं," बायको म्हणाली, "आणि वर वाड्यात ती."

मी मेणवलीची ओळ पिवळी केली. पिवळी म्हणजे 'बघू'.

महेश्वर

महेश्वर लांब आहे, इंदूरवरून जायचं. पण नर्मदेचं ते पात्र, तो घाट आणि वर किल्ला पाहिला की चार दिवसांचा हिशेब कोणी करत नाही. हिवाळ्यात सकाळी नदीवर धुकं असतं. गाव नव्हे, छोटं शहरच ते, पण नदीकाठी बसलं की गावासारखंच.

इथे 'बायको' रकान्यात लिहायचं म्हणजे सगळा इतिहासच त्या रकान्यात येतो. अहिल्याबाई 1725 साली आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातल्या चौंडीत जन्मल्या. नवरा खंडेराव होळकर 1754 मध्ये कुंभेरच्या वेढ्यात मारला गेला. त्यांना सती जाण्यापासून सासरे मल्हारराव यांनी परावृत्त केलं. 1766 मध्ये मल्हारराव गेले, पाठोपाठ मुलगा मालेराव गेला, आणि 1767 पासून 1795 पर्यंत अहिल्याबाईंनी महेश्वरहून राज्य चालवलं. काशीपासून रामेश्वरापर्यंत घाट, विहिरी, देवळं, धर्मशाळा बांधल्या. त्या काळच्या हजारो यात्रेकरूंची राहण्याची सोय एका विधवेने केली, असं म्हटलं तरी चालेल.

एवढं लिहून मी थांबणार होतो, पण पुढचं वाचलं. अहिल्याबाईंची मुलगी मुक्ताबाई, तिचा नवरा यशवंतराव फणसे. 1791 मध्ये तो वारला आणि मुक्ताबाई सती गेली. अहिल्याबाईंनी तिला परोपरीने विनवलं. जॉन माल्कम या इंग्रज अधिकाऱ्याने 1823 मध्ये छापलेल्या मध्य हिंदुस्थानावरच्या पुस्तकात तो प्रसंग लिहिला आहे. जिचं स्वतःचं सती जाणं सासऱ्याने थांबवलं, एवढं राज्य जिच्या शब्दावर चालत होतं, तिला स्वतःच्या मुलीला थांबवता आलं नाही. हे घडलं महेश्वरलाच, नर्मदेच्या काठी.

हे वाचून दाखवल्यावर ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "महेश्वरला जाऊच. पण हिच्यासाठी म्हणून जाऊ, आपल्या ट्रिपमध्ये नको."

पैठण

पैठण मी मोठ्या आशेने काढलं होतं, कारण तिथे नाथ आहेत. संत एकनाथ (1533–1599) म्हणजे संसार करून संत झालेला माणूस. घर सोडलं नाही, बायकोला सोडलं नाही. पत्नी गिरिजाबाई, मुलगा हरिपंडित, मुलींपैकी एकीचा मुलगा म्हणजे कवी मुक्तेश्वर. जोडप्याने जायला याहून चांगलं गाव कुठलं?

तिने मला एक गोष्ट आठवून दिली. तुम्हीही ऐकली असेल. नाथांना राग आणून दाखवलास तर पैसे देऊ, अशी पैज लोकांनी एकाशी लावली. तो नाथांच्या घरी आला, जेवायला बसला, आणि गिरिजाबाई वाढायला वाकल्या तसा त्यांच्या पाठीवर चढून बसला. नाथ शांतपणे म्हणाले, सांभाळ, पाहुणा पडेल. गिरिजाबाई म्हणाल्या, हरीला पाठीवर घेऊन काम करायची मला सवय आहे, पडू देणार नाही.

"ही गोष्ट नाथांच्या शांतीची म्हणून सांगतात," ती म्हणाली. "पाठ कोणाची होती?"

मला उत्तर देता आलं नाही. शाळेत ही गोष्ट मी किमान तीनदा ऐकली आहे आणि तिन्ही वेळा मी नाथांकडेच पाहत होतो.

पैठणबद्दल आणखी एक गोष्ट मी शीटमध्ये लिहिली होती. मराठी मुलखात नदीकाठच्या प्रेमाबद्दल सर्वांत आधी लिहिलं गेलं ते इथल्या गोदावरीबद्दल. पैठण म्हणजे जुनं प्रतिष्ठान, सातवाहनांची राजधानी. सातवाहन राजा हाल याच्या नावावर असलेली 'गाथासप्तशती' ही सुमारे सातशे छोट्या कवितांची वही आहे, भाषा महाराष्ट्री प्राकृत. स. आ. जोगळेकरांनी 1956 साली तिची मोठी मराठी आवृत्ती काढली. या गाथांमध्ये राजवाडे फारसे नाहीत. शेतं आहेत, गावाची वेस आहे, थंडीत पेटलेली शेकोटी आहे, गोदेच्या काठच्या झाडीत लपून भेटणारी माणसं आहेत. उभं पीक कापलं गेलं की भेटायची जागा गेली म्हणून उदास होणारी मुलगी आहे.

पण वाचत गेलं की लक्षात येतं, तिथेही पुरुष बहुधा निघालेला असतो. त्याचं नावच पांथस्थ. तो व्यापाराला, चाकरीला, कुठेतरी दूर जातो आणि ती मागे राहते. एका गाथेतली बाई नवरा गेल्याचे दिवस मोजायला भिंतीवर रेघा ओढते, आणि पहिला अर्धा दिवस संपायच्या आतच भिंत भरून जाते.

हे मी तिला मजेने सांगितलं आणि सांगता सांगताच आमच्या स्वयंपाकघरातलं कालनिर्णय माझ्या डोळ्यांसमोर आलं. त्यावर तिने काही आठवडे पेनाने गोल केले आहेत. ते माझे ऑन-कॉलचे आठवडे. त्या आठवड्यांत रात्री कधीही फोन येतो, मी उठून बाहेर बसतो, जेवण दोनदा गरम होतं. मी घरातच असतो. कुठल्या शनिवार-रविवारी बाहेर जाता येईल हे कळावं म्हणून ते गोल आहेत, एवढंच. तिने त्याबद्दल कधी तक्रार केलेली नाही. पण रेघा त्या रेघाच.

नरसी

उरली शेवटची ओळ, जागा भरायला लिहिलेली.

संत नामदेवांचा जन्म 1270 सालचा मानतात. जन्मगावाबद्दल अभ्यासकांचं एकमत नाही, पंढरपूरचंही नाव घेतलं जातं. आमच्या जिल्ह्यात मात्र हा प्रश्न कोणाला पडत नाही. नरसीला कयाधूच्या काठी त्यांचं देऊळ आहे आणि वारकऱ्यांबरोबर तिथे शीख यात्रेकरूही येतात. कारण नामदेव आमचे जेवढे तेवढेच त्यांचे. 1604 मध्ये सिद्ध झालेल्या आदिग्रंथात नामदेवांची 61 पदं आहेत. आयुष्याच्या उत्तरार्धात ते पंजाबात गेले, तिथल्या घुमान गावात राहिले असं परंपरा सांगते. 2015 साली 88वं मराठी साहित्य संमेलन घुमानला भरलं ते त्यामुळेच.

म्हणजे हा माणूस सतत चालत होता. ज्ञानेश्वरांबरोबर तीर्थयात्रा केली, ज्ञानेश्वरांच्या समाधीनंतर पुन्हा निघाला, थेट पंजाबपर्यंत. वडील दामाशेट, शिंप्याचं घर, आई गोणाई. आणि 'बायको' रकान्यात नाव राजाई. मुलगे चार: नारा, विठा, गोंदा, महादा.

राजाई मला आधी नावापुरतीच माहीत होती. पण नामदेवांच्या गाथेत नुसते नामदेव नाहीत. घरातल्या सगळ्यांच्या नावाने अभंग आहेत. गोणाईच्या नावाने आहेत, सून लाडाईच्या नावाने आहेत, गंगाखेडहून या घरात आलेल्या जनाबाईचे तर शेकडो. आणि राजाईचेही आहेत. त्यांत ती विठ्ठलाची स्तुती करत बसत नाही. ती रखुमाईशी बोलते, एका बाईने दुसरीशी बोलावं तशी. तुझ्या नवऱ्याने माझ्या नवऱ्याला वेड लावलंय, त्याला जरा समजाव. घरात दाणा नाही, अंगावर धड वस्त्र नाही, पोरं आहेत, आणि हा देवळात बसून आहे. गोणाईसुद्धा विठ्ठलाशी भांडते, माझा मुलगा मला परत दे म्हणते.

जनाबाईला देव जात्यावर दळू लागला असं ती गाते. राजाईला दळू लागायला कोणी आलं नाही. तिला दळायला दाणाच हवा होता.

महिपतीबुवा ताहराबादकरांनी 1762 मध्ये 'भक्तविजय' लिहिला. त्यात परिसा भागवताची गोष्ट येते. परिसा भागवताकडे परीस होता. घरची ओढाताण पाहून त्याच्या बायकोने तो परीस राजाईला गुपचूप वापरायला दिला. राजाईने लोखंडाचं सोनं केलं, बाजारातून सामान आणलं, स्वयंपाक केला. नामदेव घरी आले, हे कुठून आलं विचारलं, आणि परीस घेऊन चंद्रभागेत टाकून दिला. भागवत परीस मागायला आला तेव्हा त्यांनी नदीत हात घालून मूठभर खडे काढले आणि म्हणाले, ओळख तुझा कुठला तो. सगळेच परीस होते.

गोष्ट तिथे संपते. कीर्तनात तिथेच टाळ वाजतात. बायकोने विचारलं, "आणि तो स्वयंपाक? त्या दिवशी पोरं जेवली का?"

हा प्रश्न मी गंमत म्हणून घेऊ शकलो नाही. वाटलं, इतिहास वाचताना आपण सगळे नदीकडे जातो, परीस कुठे पडला ते बघतो. घरात परत कोणी वळत नाही.

एक शंका मात्र इथे घेतली पाहिजे. राजाईचे म्हणून जे अभंग आहेत ते तिनेच रचले, की पुढच्या एखाद्या कीर्तनकाराने तिच्या तोंडी घातले? हस्तलिखितं कितीतरी नंतरची आहेत, त्यामुळे छातीठोक सांगता येत नाही. मला आधी वाटलं, तसं असेल तर मग या रकान्याला अर्थ काय? मग दुसरी बाजू दिसली. समजा एखाद्या बुवानेच ते लिहिले. तरी शेकडो वर्षं वारकऱ्यांनी ते काढून टाकले नाहीत. ज्या वहीत नामदेवांची भक्ती, त्याच वहीत त्यांच्या बायकोची तक्रार, मागे-पुढे, सारख्याच अक्षरात. संताचं घर कोणाच्या जिवावर चाललं हे त्या लोकांना ठाऊक होतं आणि ते लपवावं असं त्यांना वाटलं नाही. आम्ही पाहिलेल्या चार गावांत बायकोचं म्हणणं बायकोच्या नावाने हाती लागलं ते नरसीच्या ओळीत.

पुढची कथाही परंपरेने सांगितलेलीच आहे. नामदेवांनी 1350 साली पंढरपूरला महाद्वारापाशी समाधी घेतली, त्यांच्याबरोबर घरातल्या बहुतेकांनीही. पायरीला नाव नामदेवांचं. त्या पायरीवर पाय न देता आत जाताना मी लहानपणापासून एकाच माणसाला नमस्कार केलेला आहे.

बेत

ओळ हिरवी झाली. आम्ही नरसीला जायचं ठरवलं.

आईला फोन केला. ती आधी हसली. "फिरायला नरसीला? लोकं गोव्याला जातात रे." मग म्हणाली, "जा, जोडीनं जाऊन या."

या 'जोडीनं' शब्दावर मी नंतर विचार करत राहिलो. मराठी माणूस शतकानुशतकं मोहिमेवर गेला, वारीला गेला, चाकरीला गेला, बहुतेक वेळा एकटा किंवा पुरुषांच्या घोळक्यात. नवरा-बायकोने बरोबर निघायचं तर कारण लागायचं देवाचं. म्हणून आपल्याकडे हनिमूनच्या कितीतरी आधी जोडीचं देवदर्शन होतं. जेजुरीला आजही नवरदेव नवरीला उचलून काही पायऱ्या चढतो. सगळे हसतात, फोटो काढतात. थोडाच वेळ, पण तेवढ्या वेळात ओझं त्याच्याकडे असतं.

बेत असा आहे. शुक्रवारी रात्री पुण्याहून बस, सकाळी हिंगोली. स्टेशनाच्या पाटीवर अजून 'हिंगोली डेक्कन' लिहिलेलं असतं, ते तिला दाखवायचं. हा सगळा भाग 17 सप्टेंबर 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात होता, हेही तेव्हाच सांगता येईल. मुक्काम घरी, गोरेगावला. हरभऱ्याच्या आणि तुरीच्या दिवसांत आमच्याकडे हवा कोरडी आणि थंड असते, हळदीची शेतं अजून उभी असतात. एक दिवस नरसी. कयाधू म्हणजे नर्मदा नव्हे, पावसाळा सरला की पाणी उतरलेलं असतं. जेवढं असेल तेवढ्याच्या काठी बसू.

दुसऱ्या दिवशी औंढा नागनाथ. यादवकाळातलं दगडी देऊळ, भिंतीभर मूर्ती. गोरोबाकाकांनी नामदेवांना कच्चं मडकं ठरवल्यावर ते गुरूच्या शोधात निघाले आणि इथे त्यांना विसोबा खेचर भेटले, पिंडीवर पाय ठेवून झोपलेले. इथला नंदी देवळाच्या मागच्या बाजूला आहे. नामदेवांसाठी देऊळ फिरलं, अशी कथा सांगतात. उरलेले दोन दिवस शेतात. ज्वारी भरली असेल तर हुरडा.

ऑन-कॉलचा आठवडा मी एका सहकाऱ्याला देऊन त्याचा फेब्रुवारीतला घेतला. कालनिर्णयवरचा एक गोल तिने खोडला आणि फेब्रुवारीत एक नवा काढला.

काल मी तिला म्हटलं, राजाईचे अभंग मोबाइलवर घेऊन ठेवतो, नदीकाठी बसून वाचू.

"प्रिंट काढ," ती म्हणाली. "मोबाइल उघडलास की तू आधी ऑफिसचं बघतोस."